खांद्यावरचा डाग

मी सहा महिन्यांची असताना आईच्या खांद्यावर दूध ओकत राहिले आणि त्यापायी तिचं काम गेलं, असं आमच्या घरात म्हणतात. मला ते मान्य नाही. काम आईने घालवलं, आणि डोकं ठिकाणावर ठेवून घालवलं.

आई चित्रकार. चित्रं फारशी विकली जात नसत. घर चालायचं ते सिनेमाचे पोशाख शिवण्यारंगवण्यावर. तेव्हा ज्या सिनेमाचं काम तिच्याकडे होतं, त्यातली नायिका तान्ह्या बाळाची आई होती. तिच्या निळ्या ब्लाउजच्या डाव्या खांद्यावर आईने ओकलेल्या दुधाचा डाग रंगवला. कडेला पिवळसर, मधे सुकून पांढरा. नमुना स्वतःच्याच खांद्यावर रोज ताजा मिळायचा. असे डाग धुऊन जाणाऱ्या रंगात करायचे, हा त्या कामातला नियम, कारण दिग्दर्शकाचं मन कधी फिरेल याचा नेम नसतो. आईने मुद्दाम तैलरंग वापरला.

मन फिरलंच. "बाई, नायिका आहे ती. गबाळी दिसतेय. धुऊन टाका."

शिवणखोलीतल्या मास्तरांनी साबणाने घासघास घासलं. ब्लाउजचा निळा रंग उतरला, डाग मात्र आणखीच उठून दिसायला लागला.

"ताई, रंगवलाय की कोरलाय?" मास्तर कपाळाला हात लावून म्हणाले.

दिग्दर्शक तणतणत आला. "दुपारपर्यंत दुसरा शिवा. बिनडागाचा."

"शिवते. डाग असणार."

"आई कशी दिसते ते तुम्ही मला शिकवणार?"

"तुमच्या आईने तुम्हाला लांबूनच वाढवलं वाटतं!"

मास्तरांना खोकल्याची उबळ आली.

"मग उद्यापासून येऊ नका."

मी तिथेच टोपलीत झोपलेली असायचे; आईने मला उचलून मास्तरांच्या हातात दिलं. ब्रश घेतला आणि डागाखाली सही केली, चित्राखाली करते तशी, ठसठशीत.

"आता हे चित्र झालं. माझं चित्र मी धुवायला देत नाही."

ब्लाउजची घडी काखेत, मी कडेवर, अशी ती निघाली. तिकडे नायिका मेकअप करून खोळंबलेली. दिग्दर्शक फाटकापर्यंत धावत आला. "अहो, डाग राहू दे! फक्त सही पुसा!"

"राहतील तर दोन्ही," आई चालता चालता म्हणाली.

मास्तर हे सांगताना आजही उभे राहतात.

तो सिनेमा मी पाहिलाय. नायिका कोऱ्याकरकरीत ब्लाउजमध्ये बाळ घेऊन फिरते. सुंदर दिसते. बाळ उपाशी असावं.