डेलचे म्हातारे

डेल हचिन्स अमेरिकेत गाजलेला क्रीडा-स्तंभलेखक. २००६ मध्ये इंग्लंडमधल्या आमच्या बर्मिंगहॅमच्या पेपरने त्याला वाजतगाजत आणलं. त्याचा कॉलम मी एडिट करायचे. प्रत्येक कॉलमच्या शेवटी स्टेडियममध्ये त्याच्या शेजारी एक म्हातारा बसलेला असायचा, आणि तो वाचकाला रडवेल असं काहीतरी बोलायचा. प्रत्यक्षात डेल मॅच हॉटेलच्या बारमध्ये टीव्हीवर बघायचा आणि म्हातारे तिथेच जन्माला यायचे. असल्या म्हाताऱ्यांवर त्याने तीस वर्षं करिअर केलं होतं.

दोन वर्षांनी एकदा कॅन्टीनमध्ये त्याने घरची चौकशी केली. मी मूर्खासारखी सगळं बोलले. बाबा शशिकांत बसडेपोत मेकॅनिक, आई सुनीती, घरात बाबा अबोल, गेल्या वर्षी वारले.

पुढच्या शनिवारी मी रजेवर होते. कॉलममधला म्हातारा होता बसडेपोतला शशिकांत. "टीम हरली तरी घरी माझी सुनीती आहे," असं तो पूर्वी एका मॅचला डेलला म्हणाला होता म्हणे. बाबांना फुटबॉल लागला की झोप यायची.

सोमवारी डेलने माझ्या खांद्यावर हात ठेवला. "ट्रिब्यूट होता," म्हणाला. शिसारी आली. हात झटकून मी एडिटरकडे निघाले. चूकदुरुस्ती छापायला लावणारच होते.

तेवढ्यात आईचा फोन आला.

"अर्चना, पेपरातलं कापून बाबांच्या फोटोशेजारी लावलंय गं. मला कधी बोलले नाहीत. निदान कुणाला तरी बोलले."

मी परत जागेवर येऊन बसले. पुढच्या कॉलममधला डेलचा नवा म्हातारा माझ्याकडे तपासायला आला होता.