तांदळावरचा शिलिंग

मी एक जुना शिलिंग आहे. जन्म लंडनच्या टांकसाळीतला, वास्तव्य जबलपूरच्या राईट टाउनमधल्या एका देवघरात. देवीच्या मूर्तीपुढे पितळेची छोटी ताटली आहे. तिच्यात मूठभर तांदूळ असतात आणि त्या तांदळावर मी असतो. एका अंगाला माझ्यावर इंग्लंडचा राजा आहे आणि दुसऱ्या अंगाला मुकुटावर उभा राहिलेला सिंह. शरयूआजी मला रोज सिंह वर करून ठेवते. राजाचं तोंड तांदळात असतं.

मित्रांनो, माझा जन्म १९४९ सालचा. एके काळी आमच्या घराण्याचा मोठा दबदबा होता. पौंड हा आमचा कुटुंबप्रमुख, आणि आम्ही वीस शिलिंग मिळून त्याच्या बरोबरीला येत असू. चहा असो, कापूस असो, नाहीतर आगबोटीचं भाडं असो, जगातले निम्मे सौदे पौंडात ठरायचे. दूरदूरचे देश आपली शिल्लक लंडनला ठेवून निर्धास्त झोपत, कारण पौंड म्हणजे दिलेला शब्द आणि तो मोडायचा नाही, अशी सगळ्यांची खात्री होती.

मी जन्मलो तेव्हा मात्र घराला उतरती कळा लागली होती. दोन महायुद्धांनी इंग्लंडला कर्जात बुडवलं. हिंदुस्थानचंसुद्धा लंडनकडे मोठं येणं होतं. अमेरिकेकडून तर खरीखुरी चांदी उसनी घेतलेली होती, आणि ती परत करायची म्हणून नाण्यांमधली चांदी काढून घेतली. माझ्या थोरल्या भावंडांच्या अंगात चांदी होती, माझ्या अंगात तांबं आणि निकेल आलं. त्यांच्यावर राजाला ‘हिंदुस्थानचा सम्राट’ म्हटलेलं होतं, माझ्यावर तेही नाही. दिसायला मात्र मी तसाच पांढरा, तसाच चकचकीत. पडलेलं घर बाहेरून रंगवून ठेवावं, तसा.

पुढे बरीच वर्षं मी शेफील्डमध्ये या खिशातून त्या खिशात फिरलो. मग एका हिवाळ्यात भय्यासाहेबांच्या हाती आलो. भय्यासाहेब जबलपूरच्या कारखान्यातले तरुण इंजिनिअर, धातूकामाचं शिक्षण घ्यायला आलेले. त्यांच्या भाड्याच्या खोलीत गॅसची शेगडी होती आणि तिच्या मीटरच्या फटीत शिलिंग टाकला तरच ती पेटायची. परतीच्या आदल्या संध्याकाळी खिशात मी एकटाच उरलो होतो. बाहेर बर्फ पडत होतं. त्यांनी मला फटीशी नेलं, माझ्यावरचा सिंह पाहिला आणि हात मागे घेतला.

“शरयूला आवडेल,” ते स्वतःशीच म्हणाले, आणि कोट, टोपी, मोजे असं सगळं अंगावर चढवून कुडकुडत पडून राहिले.

शरयू तेव्हा नवी सून होती. नवरा सुखरूप परत यावा म्हणून ती मार्गशीर्षातले गुरुवार धरून बसली होती. मला पाहताच तिचे डोळे चमकले. “अहो, हा तर देवीचा सिंह! आणि चांदीचा!” तिने मला दूधपाण्याने धुतलं, हळदकुंकू लावलं आणि तांदळावर बसवलं. भय्यासाहेब नुसते हसले.

तेव्हापासून तिचा नेम चुकला नाही. अंगात ताप असो, घरात लग्न असो, पहाटे स्नान करून ती तांदूळ बदलायची, मला पुसायची आणि मगच चहा घ्यायची. मी इथे निवांत असताना तिकडे आमचं घराणं पायरी पायरीने खाली येत होतं. १९६७ साली रेडिओवर बातमी आली की पौंडाची किंमत पुन्हा उतरवली. भय्यासाहेब स्वयंपाकघराच्या दारात येऊन म्हणाले, “शरयू, तुझ्या देवीचा सिंह आज आणखी वाळला गं.”

“वाळू दे. मी नैवेद्य वाढवते,” आजी म्हणाली. तेव्हा ती आजी नव्हती, पण मला तिला आजी म्हणायचीच सवय झाली आहे.

मग जगाने डॉलरला थोरलेपण दिलं. माझ्या देशात नवी नाणी आली आणि १९९० साल सरता सरता माझं चलनही संपलं. आता माझ्या बदल्यात कुणी पावाचा तुकडासुद्धा देणार नाही. एकदा नातू अनुपम मोबाइल बघत म्हणाला, “आजोबा, तुम्ही म्हणता पौंड पडला. तुमच्या वेळी तेरा रुपयांत यायचा, आज शंभराच्या वर आहे. पडला कसला?”

“अरे, आपण आणि तो एकाच जिन्यावरून उतरून राहिलो,” भय्यासाहेब म्हणाले. “आपण चार पायऱ्या जास्त उतरलो, म्हणून तो वर दिसतो. वरच्या मजल्यावरच्या डॉलरला विचार, तो खरं सांगेल.”

मला ते फार पटलं.

अनुपमच्या लग्नाला बरीच वर्षं झाली, पण पाळणा हलेना. यशश्री, त्याची बायको, दवाखान्यातून आली की थेट आपल्या खोलीत जायची. त्या दिवसांत आजीने एकदा माझ्यावर बोट ठेवून देवीला नवस बोलला. “हिच्या कुशीत बाळ दे. तुझ्या पायाशी राहिलेल्या या चांदीचे वाळे बाळाच्या पायात घालीन. पहिल्या बोरन्हाणाच्या आत.”

गेल्या उन्हाळ्यात सुखदा जन्मली. घर उजळलं. मार्गशीर्ष लागताच आजीने मला रुमालात बांधलं आणि यशश्रीला घेऊन सराफ्यात गेली. दुकानदार नीलकंठ तिला जुन्या ओळखीचा.

“भैया, बाकी चांदी तुमच्याकडची घाला,” आजी म्हणाली, “पण वाळ्यांमध्ये ही वितळलीच पाहिजे.”

मी घाबरलो होतो. वितळण्याचं भय नव्हतं, तो तर माझा मान होता. भय होतं ते कसोटीच्या दगडाचं. नीलकंठने मला दगडावर घासलं, थेंब टाकला, चष्मा वर केला.

“अम्माजी, ये चाँदी नहीं है. गिलट है.” गिलट म्हणजे चांदीसारखा दिसणारा तांब्या-निकेलचा मिश्रधातू.

“नीट बघा भैया. साठ वर्षं देवीपुढे आहे.”

“देवीजी के सामने है, वो ठीक है. पर है तो गिलट.” मग आवाज खाली आणून तो म्हणाला, “आप चिंता मत करो. मैं अच्छी चाँदी के बना देता हूँ. किसे पता चलेगा?”

आजीने मला उचलून पुन्हा रुमालात बांधलं. रिक्षात यशश्रीने हळूच म्हटलं, “आजी, अनुपम ऑनलाइन मागवून देईल. सुंदर डिझाइन आहेत.”

“बाळा, मी डिझाइन नाही बोलले गं देवीला. तिच्या पायाची चांदी बोलले.”

घरी आल्यावर तिने मला भय्यासाहेबांच्या पुढ्यात ठेवलं. “अहो, तुम्ही धातूचे इंजिनिअर. तुम्हाला ठाऊक होतं?”

“होतं.”

“मग काहून नाही सांगितलं?”

भय्यासाहेबांनी मला उचललं. “या एका शिलिंगात त्या रात्री माझी खोली गरम झाली असती. मी गारठलो, पण तुझ्यासाठी राखला. तू त्याला चांदी म्हणालीस. मी गिलट कसं म्हणू?”

आजी पदराने डोळे टिपून म्हणाली, “चांगले आहात! आता देवीला मी काय तोंड दाखवू?”

पुढच्या गुरुवारी पहाटे तिने कपाटातून आपला कुंकवाचा करंडा काढला. चांदीचा, नक्षीचा, तिच्या आईने लग्नात दिलेला. रोज सकाळी त्यातलंच कुंकू ती लावायची. तिने तो रिकामा केला, धुतला आणि माझ्या शेजारी देवीच्या पायाशी ठेवला.

“शरयू, आईचा करंडा?” भय्यासाहेब दारातून म्हणाले.

“हो. मार्गशीर्ष संपेपर्यंत इथेच राहील. म्हणजे तिच्या पायाची चांदी होईल. मग नीलकंठकडे.”

“आणि कुंकू?”

“कुंकवाला काय, स्टीलची वाटीही चालते. बोललेलं फिरवलेलं चालत नाही.”

मित्रांनो, मार्गशीर्ष संपेपर्यंत मी त्या करंड्याशेजारी बसलो. त्याला काय वाटत होतं, ते त्याने सांगितलं नाही. माझ्या मनात मात्र आमचं सगळं घराणं येऊन गेलं. पौंडाला चांदी अपुरी पडली, सोनं अपुरं पडलं. पण तो खाली आला तो दिलेला शब्द निभवेना म्हणून. आणि इथे ही ऐंशी ओलांडलेली बाई, जिच्याकडे शब्द मागायला कुणी सावकार आला नव्हता, आपल्या आईची खूण आपल्या हाताने भट्टीकडे पाठवत होती.

संक्रांतीनंतर बोरन्हाण झालं. काळं झबलं, हलव्याचे दागिने आणि पायात घुंगरांचे वाळे. बोरं अंगावर पडली तशी सुखदा आधी दचकली, मग पाय आपटून हसली. छुम छुम आवाज देवघरापर्यंत आला. मला वाटलं, आता माझं काम संपलं. चांदी नाही, चलन नाही, नवसालाही उपयोगी नाही. उद्या मी खेळण्यांच्या डब्यात जाणार.

दुसऱ्या दिवशी पहाटे आजीने तांदूळ बदलले, मला पुसलं आणि पुन्हा तांदळावर ठेवलं. पण या वेळी सिंह खाली, राजा वर.

“आजी, उलटा ठेवलात,” कडेवर सुखदाला घेऊन आलेली यशश्री म्हणाली.

“राहू दे आजच्या दिवस. साठ वर्षं बिचारा तांदळात तोंड खुपसून बसलाय. त्यालाही बघू दे आपली पोर.”

सुखदाने पाय हलवले. वाळे वाजले. ज्याच्या नावातून हिंदुस्थान गळून पडला होता, तो राजा राईट टाउनच्या त्या छोट्या पायांकडे टक लावून बघत राहिला.

मित्रांनो, तुमच्या घरातही एखादं बंद पडलेलं नाणं असेल. ते विकून काही येणार नाही, पण टाकू नका. हातात घ्या, पुसा, आणि कुणी तुमच्यासाठी थंडीत कुडकुडत ते राखलं होतं का, एवढं घरातल्या वडीलधाऱ्यांना विचारा. आणि कुणाला काही द्यायचं बोलाल, तर जपून बोला. बोललात, तर मग करंडा काढायची तयारी ठेवा.