मंगळवारची होडी

मित्रांनो, मी एक जुनी होडी आहे. माझं वय मला नक्की सांगता येत नाही, कारण झाड असतानाची वर्षं धरायची की नाही यावर माझं आणि कोळ्यांचं कधी एकमत झालं नाही. जंगलात तिघांनी मला एका खोडातून कोरलं आणि मालमोटारीत घालून गा जमातीच्या कोळ्यांच्या किनाऱ्यावर, कोकोमले गावात आणलं. तिथे ओडार्टे माझा मालक झाला. त्याने माझ्या अंगावर निळे-पिवळे पट्टे ओढले आणि नाकाच्या एका बाजूला डोळा काढला. दुसरा काढण्याआधीच रंग संपला.

मी लहानच होते, पण कामाला वाघ. ओडार्टेची बायको आयेली मासे धुरावर भाजायची, आणि तिची जीभ त्या धुरापेक्षा झोंबरी. माझं इंजिन सुरू झालं नाही की ती किनाऱ्यावरून ओरडायची, "ओढ, आणखी ओढ! तुझ्यावरच गेलंय ते. दहादा हलवल्याशिवाय उठतच नाही!" सगळा किनारा हसायचा आणि ओडार्टेही हसायचा. चांगले दिवस होते ते.

आमच्याकडे मंगळवारी कुणी समुद्रात जात नाही. मंगळवार समुद्राच्या विश्रांतीचा. त्या दिवशी जाळी शिवायची, भांडणं मिटवायची, सावलीत झोपा काढायच्या. जो हा दिवस मोडतो त्याच्या होडीला किनारा पुन्हा पाण्यात जाऊ देत नाही.

एका सोमवारी प्रवाहाला फार ओढ होती आणि ओडार्टेला जाळं पाण्यातच सोडून यावं लागलं. नवंकोरं जाळं होतं. त्याला राहवेना. मंगळवारी दिवस उजाडता उजाडता त्याने मला खाडीच्या तोंडातून बाहेर काढलं. "मासे धरायला नाही हं, फक्त जाळं आणायला," तो म्हणाला. मला म्हणाला की समुद्राला, कोण जाणे.

वाळवंटाकडून धूळ येण्याचे दिवस होते, सगळं आकाश मळकट झालेलं. तेवढ्यात लष्कराचं एक मोठं मालवाहू विमान आमच्या डोक्यावरून गेलं. त्याच्या डाव्या पंखाखालचं इंजिन पेटलेलं होतं. ज्वाळा अगदी स्पष्ट दिसत होत्या. विमान एका अंगावर कललं, सावरलं, पुन्हा कललं, पुन्हा सावरलं, आणि मग पाण्यात शिरलं. आम्ही तिथे पोचलो तेव्हा तेलाचा तवंग होता, काही उशा होत्या, एक बूट होता. माणूस एकही नव्हता. ओडार्टे आवाज बसेपर्यंत हाका मारत राहिला. शेवटी त्याला दाराएवढा एक हलका पत्रा तरंगताना दिसला, एका बाजूने जळून काळा पडलेला. तो त्याने माझ्यात घेतला. आणि मग त्याला आठवलं, की आज मंगळवार आहे.

घरी आल्याबरोबर त्याने तो पत्रा वाळूत पुरला आणि ओंडक्यांवरून ढकलत मला त्याच्यावर आणून ठेवलं.

विमानात बावीस माणसं होती. चौकशीचे अधिकारी आले, पाणबुडे आले. सापडलेले तुकडे शाळेच्या पटांगणात मांडले गेले. पण समुद्राचा तळ तिथे एकदम खोल जातो. विमानातली नोंदीची पेटी महिनाभर खालून आवाज देत होती म्हणे. मग तो आवाजही बंद पडला. आता कुणी डोळ्यांनी पाहिलं असेल तरच काही कळणार होतं. अधिकाऱ्यांनी गावाला विचारलं, तेव्हा आमचे मुखिया अटा सोवा छाती पुढे काढून म्हणाले, "साहेब, मंगळवार होता. मंगळवारी आमचं शेंबडं पोरसुद्धा पाण्यात पाय घालत नाही. साक्षीदार हवा असेल तर दुसरा किनारा बघा!" अधिकाऱ्यांनी तसं लिहून घेतलं. ओडार्टे सगळ्यांच्या मागे मान खाली घालून उभा होता. मला फार लाज वाटली, पण होडीला कोण विचारतो?

मग दर शुक्रवारी एक म्हातारे गृहस्थ येऊ लागले. पांढरा सदरा, हातात छत्री. ते क्लुत्से मास्तर, विमान चालवणाऱ्या सेलोमचे वडील. व्होल्टा नदीपलीकडून बसने यायचे, ज्याला त्याला विचारायचे आणि दमले की माझ्या काठावर बसायचे.

"लोक म्हणतात, धुळीत त्याला आकाश कुठलं नि पाणी कुठलं ते कळलं नाही," मास्तर ओडार्टेला सांगायचे. "अरे, दोन्ही ब्रेक दाबून बघितल्याशिवाय सायकलवर बसायचं नाही माझं पोर! त्याची आई आता बाजारात जात नाही. एका सैनिकाची बहीण तिला तोंडावर म्हणाली, तुझ्या मुलाने माझा भाऊ बुडवला."

"मक्याची केंकी खा मास्तर, गार होतेय," एवढंच ओडार्टे म्हणायचा.

आयेलीला त्याने सगळं सांगितलं होतं. मासे उलटता उलटता ती एकदा म्हणाली, "बोलून टाक की. समुद्र रागावला तर तुझ्यावर रागावेल. ते म्हातारं तरी सुटेल."

"आणि होडी गेली तर? पोरांच्या ताटात वाळू वाढशील?"

"तुझ्या तोंडात आत्ताच भरलेली दिसतेय," ती म्हणाली.

आठ महिन्यांनी अहवाल आला. त्यात लिहिलं होतं, वैमानिकाची चूक. त्यानंतरच्या शुक्रवारी मास्तर आले ते काळं-तांबडं सुतकाचं वस्त्र पांघरून.

"सेलोमची आई गेली," ते म्हणाले. "परवा. जाताना म्हणाली, उरलेल्या एकवीस घरी जा आणि आपल्या पोराच्या वतीने माफी मागून या. तिकडेच निघालोय. आधी तुझ्याकडे आलो. तू माझं ऐकून घेतोस."

ओडार्टेने खांदा लावून मला बाजूला लोटलं आणि तो दोन्ही हातांनी वाळू उकरू लागला. पत्रा वर आला. मास्तरांनी जळक्या कडेवरून बोट फिरवलं.

"कधी सापडला?"

"त्याच दिवशी. मी पाहिलं मास्तर. इंजिन पेटलं होतं. तुमचा सेलोम शेवटपर्यंत सावरत होता."

मास्तर रागावले नाहीत. "परवापर्यंत जिवंत होती रे ती," ते म्हणाले. मग त्यांनी स्वतःच पत्र्याचं एक टोक उचललं, दुसरं ओडार्टेने धरलं, आणि दोघे रस्त्याकडे गेले.

पत्रा आणि ओडार्टेची साक्ष अधिकाऱ्यांपुढे गेली आणि चौकशी पुन्हा उघडली. इंधनाची एक नळी तडकली होती, तिथून आग लागली, असं ठरलं. पहिला अहवाल मागे घेतला गेला. मास्तर त्या एकवीस घरी गेले खरे, पण माफी मागायला नाही, नवा कागद दाखवायला. आमच्याकडे मात्र ते पुन्हा कधी आले नाहीत.

अटा सोवांनी गावासमोर ओडार्टेला सुनावलं, "समुद्राचा दिवस मोडलास, वर माझ्या तोंडून खोटं वदवलंस! तुझी होडी आता पाणी बघणार नाही."

"हीच शिक्षा त्याच दिवशी झाली असती," आयेली नवऱ्याला म्हणाली. "मग आठ महिने वाचवलंस तरी काय?"

आता ओडार्टे दुसऱ्याच्या होडीवर राबतो, आणि मी उन्हात तडकत पडले आहे. मित्रांनो, मला रंग द्या, मला जपा, असं मी म्हणणार नाही. मी एवढंच मागते, की तुम्ही काही पाहिलं असेल आणि ते न कळल्यामुळे कुणी रडत असेल, तर त्याच दिवशी जाऊन सांगा. शिक्षा आमच्यासाठी आठ महिने थांबली. सेलोमच्या आईला तेवढं थांबता आलं नाही.