उतरून बघणारी

पहिल्या परीक्षेत ती नापास झाली, ती गाडी चालवता येत नव्हती म्हणून नव्हे. रिव्हर्स घ्यायच्या आधी तिने हँडब्रेक ओढला, दार उघडलं, खाली उतरली, टेम्पोच्या मागे जाऊन वाकून बघितलं आणि परत येऊन बसली. तोवर परीक्षकाने कागदावर फुली मारली होती. "परीक्षा चालू असताना गाडीतून उतरायचं नसतं," एवढंच बोलून त्याने पुढच्याला हाक मारली.

आता काचवाल्याच्या पोरीने दुसरं काय करावं? त्यांच्या टेम्पोत मागे काचा उभ्या ठेवायची लाकडी घोडी कायमची ठोकलेली. आरशात बघावं तर घोडीच दिसते. त्यामुळे मागे जायचं म्हणजे आधी उतरायचं, हे त्या घरात दात घासण्याइतकं अंगवळणी पडलेलं. शिकाऊ लायसन्स मिळालं त्या दिवसापासून वडिलांनी शेजारी बसून तिच्याकडून हेच घोटून घेतलं होतं. गतिरोधक आला की चाकं सरळ, पाय हलका, आणि रिव्हर्सच्या आधी खाली.

ही फुली तिला परवडणारी नव्हती. वडिलांचा डावा गुडघा गेला होता आणि डॉक्टरांनी क्लच दाबायला साफ मनाई केली होती. महिनाअखेरपर्यंत तिचं पक्कं लायसन्स आलं नाही तर टेम्पो आतेभावाच्या हाती जाणार आणि तिने दुकानात बसून फोन उचलायचे, असं घरात ठरून गेलं होतं. या आतेभावाने दोन आठवड्यांत तीन खिडक्या आणि एका न्हाव्याचा भलामोठा आरसा फोडला होता. तो तिला पावशेर म्हणायचा. "पावशेर, तुझे पाय तरी पोचतात का गं ब्रेकपर्यंत?" त्याचे पोचायचे, फक्त वेळेवर पोचत नव्हते.

ड्रायव्हिंग स्कूलवाल्याने तोडगा सुचवला. "माझ्या गाडीतून परीक्षा दे. माझ्या बाजूलाही क्लच-ब्रेक आहे. तू नुसतं स्टिअरिंग धरून बस, बाकी माझ्यावर सोड."

"मग लायसन्सही तुमच्याच नावावर काढा की," ती म्हणाली. त्याला राग आला. येऊ दे, तिने मनात म्हटलं.

दुसऱ्या परीक्षेच्या सकाळी वडील शेजारी बसून मैदानापर्यंत आले. वाटेत समोरच्या काचेकडे बघत म्हणाले, "हे बघ, आज उतरू नकोस. एकदाचा कागद हातात पडू दे. मग आयुष्यभर उतर."

तिच्या डोक्यात तिडीक गेली. ड्रायव्हिंग स्कूलवाल्याने असं म्हणणं वेगळं आणि यांनी म्हणणं वेगळं.

"बाबा, मी अडीच वर्षांची असताना टेम्पोमागे कोण बसलं होतं?"

वडिलांनी मान फिरवली. ही गोष्ट तिला आईने सांगितली होती, त्यांनी कधीच तोंडातून काढली नव्हती. दुकानासमोर मागच्या चाकाला टेकून ती काचा बसवायच्या पुट्टीचे गोळे करत बसली होती. गिऱ्हाईक खोळंबलं होतं, गाडी चालू होती. तरी ते उतरले.

"त्या दिवशीही घाईच होती ना?"

"पुरे आता," ते म्हणाले. "रांगेत लाव गाडी."

परीक्षक तोच होता. तो शेजारी बसला, वडील कुंपणापाशी जाऊन उभे राहिले. तिने आठाचा आकडा काढला. चढावर गाडी थांबवली आणि बोटभरही मागे न सरकता पुढे काढली. मग तो म्हणाला, "रिव्हर्स. खुंट्यांच्या मधून."

तिने हँडब्रेक ओढला आणि दाराला हात घातला.

"मागच्या वेळी सांगितलं होतं ना?"

"सांगितलं होतं. नियम दाखवला नव्हता." तिने समोर ठेवलेली वाहतूक नियमांची पुस्तिका उचलून त्याच्या मांडीवर ठेवली. "मागचा रस्ता मोकळा असल्याची चालकाने खात्री करावी, असं लिहिलंय. ती बसूनच करावी, असं कुठं असेल तर दाखवा. मग मी नाही उतरत."

"बाहेर साठ जण ताटकळलेत. सगळेच उतरायला लागले तर?"

"तर साठ जणांनी मागे बघितलेलं असेल."

त्याने पेन उघडलं. टेम्पो, दुकान, आतेभावाचं तोंड, सगळं एकदम तिच्या डोळ्यांपुढे आलं. तरी दारावरचा हात तिने काढला नाही. "फुली मारायची असेल तर मारा," ती म्हणाली. "मी पुन्हा येईन आणि पुन्हा उतरेन."

"आणि उतरूनही खुंटी पाडलीस तर?"

"तर नापास करा. तो नियम पुस्तकात आहे."

ती उतरली. परीक्षकही कुरकुरत आपल्या बाजूने उतरला आणि तिच्यामागून गेला. मागे खुंट्यांच्या दोन रांगा आणि मधे मोकळी माती.

"काहीच तर नाहीये," तो म्हणाला.

"हो. आता माहीत झालं."

तिने एका दमात टेम्पो मागे घेतला. एकही खुंटी हलली नाही. परीक्षकाने बराच वेळ काहीतरी लिहिलं, सही ठोकली, कागद तिच्या हातात दिला आणि तिच्याकडे न बघताच पुढच्याला हाक मारली.

वडिलांनी कागदावरचं 'पास' दोनदा वाचलं, कागद घडी करून खिशात ठेवला आणि शेजारी चढून बसले. रस्त्याला लागायचं तर गल्लीतून टेम्पो मागे काढावा लागणार होता. सवयीने त्यांनी दार उघडून दुखरा पाय बाहेर टाकला.

"बसा," ती म्हणाली. "आता ते माझं काम."

ती उतरली. मागे कुणी नव्हतं. तरी दोन्ही चाकांपाशी वाकून नीट बघून ती परत आली. वडिलांचे डोळे भरले होते आणि ते त्यांनी पुसले नाहीत.

"कोणी होतं का?" त्यांनी विचारलं.

"होती एक," तिने गाडी रिव्हर्सला टाकली. "आता इथं बसलीय."