मावशीचा अंगठा

गोमतीबाईंनी आपले मृत्युपत्र मोबाईलवर बोलून ठेवले होते. "किन्हीराजा गावातलं घर अन् तीन एकर वावर माह्या भाचीले, मंजुषाले. हरीओमले काही नाही." हरीओम हा त्यांच्या वारलेल्या नवऱ्याचा पुतण्या. मंजुषा नऊ वर्षे मावशीचे सगळे करत तिथेच राहत होती. त्या बत्तीस सेकंदांवर ती निर्धास्त होती.

सोमवारी वाशीमला वकीलबाईंनी ते दोनदा ऐकले.

"यावरून इच्छा कळते. पण मृत्युपत्र कागदावर लागतं. त्यांची सही नाहीतर अंगठा, आणि दोन साक्षीदारांच्या सह्या. नाहीतर सगळं हरीओमला जाईल. मावशी शुद्धीवर आहेत ना?"

"हाव. सकायी चहा मागतला."

"मग आजच करा."

त्यांनी मजकूर टाइप करून दिला. मंजुषाने स्टॅम्प पॅड विकत घेतला. एसटीत जागा होती, तरी ती उभीच राहिली.

तिने फोन केल्यावरून शेजारचे सेवालाल आणि त्यांची बायको राखी साक्षीसाठी घरी येऊन थांबले होते.

"जेवल्यावर निजल्या त्या," राखी म्हणाली. "उठवलं नाही आमी."

मावशीचे तोंड भिंतीकडे होते. मंजुषाने हाक मारली. खांदा हलवला. नाकापुढे हात धरला आणि तसाच धरून राहिली.

राखीने पदर तोंडाला लावला. सेवालालने दार लोटले.

"हात गरम हाय अजून," तो हळूच म्हणाला. "तिच्याच मनातलं करून राह्यलो आपण. चोरी थोडी हाय?"

"नोका काका."

"मंग उद्या हरीओमनं सामान फेकलं त कुठी जाशीन?"

मंजुषाने मावशीचा अंगठा पॅडवर दाबला आणि कागदावर नेला. तिथे तिचा हात थांबला. मावशी साठीत प्रौढांच्या वर्गाला जाऊन सही शिकली होती. बँकेत कोणी पॅड पुढे केला की ती भांडायची. सही येत असताना अंगठा कशाला, हेच हरीओम आधी विचारणार होता.

कागद कोराच राहिला. मंजुषा साबण आणून अंगठा घासू लागली. शाई रेघांत उतरली होती, निघेना.

बाहेर मोटारसायकल थांबली.

"काकू, उठली का व?" हरीओमचा आवाज आला.

मंजुषाने मावशीची मूठ मिटून अंगठा आत दडवला. मूठ आपोआप उघडली. तिने पुन्हा मिटली. कडी वाजली तेव्हा ती मूठ दोन्ही हातांनी आवळून बसली होती.