कोश न विणणाऱ्या अळ्या

मंचरजवळच्या एका मळ्यातली मी एक जुनी चंद्रिका आहे, मित्रांनो. बांबूच्या चटईवर कामट्यांची गोल वळणं बांधून मला घडवलं. खाणं सोडून पिकलेल्या रेशीम अळ्या माझ्यावर सोडल्या, की त्या तोंडातून धागा काढत कोश विणतात. माझी मालकीण प्रयागबाई. पहिल्याच खेपेला मी कोशांनी पांढरीशुभ्र झाले, तेव्हा तिनं सगळ्या वस्तीला बोलावून मला दाखवलं होतं.

मग २००४चा हिवाळा आला. अळ्यांनी चारदा कात टाकली, चांगल्या जाड झाल्या. आता खाणं सोडून विणायला लागायचं, तर त्या खातच राहिल्या. एकीच्याही तोंडातून धागा निघेना.

प्रयागबाईच्या मनात पाल चुकचुकली. तिची धाकटी जाऊ साळुबाई मधे अळ्यांच्या शेडमध्ये येऊन गेली होती. प्रयागबाईनं शेडला कुलूप घातलं. अळ्यांना घालायच्या तुतीचं पान न् पान हुंगून बघू लागली. रात्रंदिवस तिला तेच. शेवटी साळुबाई बांधावर दिसली, तशी ती ओरडली, "माज्या अळ्यांवर काय टाकलंस गं?"

"मी? तुजी पाठ धरली व्हती म्हून पाला घालाया आले व्हते!"

"खोटं बोलू नको. माजं बरं तुला बघवत न्हाई."

साळुबाई रडत माघारी गेली. प्रयागबाईचा नवरा कुंडलिक तिथंच उभा होता. तो खाली मान घालून फवारणीचा पंप पुसत राहिला. मला ते खटकलं.

रेशीम कार्यालयातल्या तेजस्विनी मॅडम आल्या. त्यांनी अळी तळहातावर घेतली आणि विचारलं, "जवळपास कुठं फवारणी झालीय का?"

कुंडलिक पायानं माती उकरू लागला.

"अळीच्या अंगात दोन हार्मोन असतात," मॅडम म्हणाल्या. "एकामुळं ती कात टाकते. दुसरं तिला अळीच ठेवतं. शेवटी ते दुसरं आटलं, की ती कोश विणते. काही नवी औषधं त्या दुसऱ्यासारखीच असतात. मग किडा खातो, पण पुढं सरकत नाही."

"टोमॅटोवर मी मारलं," कुंडलिक पुटपुटला. "पांढऱ्या माशीसाठी. वारं तुतीकडं व्हतं."

"आन् मी साळूला बोलत व्हते, तवा तुमी गप ऱ्हायला?" प्रयागबाईचा आवाज चिरकला.

अळ्या तशाच मेल्या. शेताच्या कोपऱ्यात खड्डा करून पुरल्या. त्याच दिवशी प्रयागबाई साळुबाईच्या अंगणात जाऊन उभी राहिली. शेडच्या दारातून मला दिसत होतं. साळुबाई तांदूळ पाखडत होती. तिनं सूप थांबवलं नाही.

"चुकलं माजं, साळू."

सुपातला कोंडा उडवत साळुबाई म्हणाली, "चुकलं खरं."

पुढच्या खेपेला पिकलेल्या अळ्या वेचायला ती आली. दोघींनी मिळून मला भरलं. पण दोघी फारसं बोलल्या नाहीत.

आता प्लॅस्टिकच्या जाळ्या आल्यात, मी माळ्यावर पडून असते. मित्रांनो, फवारणीआधी वारा कुठं वाहतोय ते बघा, शेजारी काय जगतंय ते विचारा. आणि कुणावर आळ येत असेल आणि खरं तुम्हाला ठाऊक असेल, तर गप्प बसू नका.