डीपर्यंतचं इंग्रजी

आमच्या मुलाने परदेशात लग्न केलं आणि दोन महिन्यांनी बायकोला घेऊन येतो, असा फोन केला. सूनबाईंना आपली भाषा अजिबात येत नाही आणि आमच्या हिचं इंग्रजी अक्षरं लावून वाचण्यापुरतं. ही घरीच शिवणकाम करते. गिऱ्हाइकाशी चार शब्द बोलल्याशिवाय हिला मापसुद्धा घेता येत नाही.

"पोरगी महिनाभर माझ्या घरात मुक्यासारखी बसणार का?" असं म्हणाली आणि माझी जाडजूड इंग्रजी-मराठी डिक्शनरी उचलून मशीनवर बसली. सुरुवात कुठून? तर थेट 'ए'पासून!

"अगं, आधी वेलकम शिक, प्लीज शिक," मी म्हणालो. पस्तीस वर्षं कचेरीत इंग्रजी पत्रं लिहिल्याचा तोरा होता ना!

"शिलाई एका टोकापासूनच मारत जायची," ती म्हणाली. "मधलं सोडलं की उसवतं."

मी कपाळाला हात लावला. रोज तीन-चार पानं, अर्थासकट, मशीन चालवता चालवता. अबॅकस म्हणजे मणी सरकवून मोजायची चौकट. बॉडकिन म्हणजे नाडी ओवायची जाड, बोथट सुई. "अगंबाई, ही तर माझ्या डब्यात आहे!" म्हणून स्वारी हरखली. बम्प्शस म्हणजे स्वतःचीच टिमकी वाजवणारा, हे वाचल्यावर तिने चष्म्यावरून माझ्याकडे जे पाहिलं, ते मी अजून विसरलेलो नाही. कपाच्या व्याख्येवर मात्र चिडली. "कान असलेलं प्यायचं भांडं! एवढं सांगायला पगार घेतात?"

मंडळी यायच्या आदल्या दिवशी ती जेमतेम 'डी'त शिरली होती. मशीन थांबवून रडवेली झाली. "डब्ल्यू काही या जन्मात येत नाही. दारात उभी राहून तिला बॉडकिन म्हणू का?" मला हसू आलं आणि वाईटही वाटलं.

सकाळी दार वाजलं. सूनबाई उंच, घामाघूम, दोन्ही हातांत बॅगा, चेहऱ्यावर परीक्षेला आल्यासारखं हसू. मुलगा मागे टॅक्सीवाल्याशी हुज्जत घालत होता. मी वेलकम म्हणायला तोंड उघडलं, तोच हिने माझ्या पायावर पाय दिला.

"कम," ही म्हणाली. मग एक पाऊल पुढे होऊन, अगदी स्पष्ट, "कम, डॉटर."

बॅगा धपकन खाली पडल्या. पोरगी हिच्या गळ्यात पडून हुंदके द्यायला लागली. माझेही डोळे भरून आले, पण सवय जाते थोडीच!

"अगं, डॉटर-इन-लॉ म्हणतात," मी हिच्या कानाशी कुजबुजलो. "लगेच खालचाच शब्द आहे."

"वाचलाय मी तो," ही तिच्या पाठीवरून हात फिरवत म्हणाली. "मुलाची बायको, असं लिहिलंय. तो तेवढा मी सोडला."